शेवटच्या पानावरचं श्री

ते पुस्तक आता जपानात आहे. त्याच्या शेवटच्या पानावर माझ्या हातचं 'श्री' आहे, कुंकवाने काढलेलं, आणि कोपऱ्यात एक विटकरी डाग आहे, तोही माझ्याच हातचा. पुस्तक माझं नव्हतं आणि माझ्या मुलीचंही नव्हतं. ते एका बाईने विश्वासाने आमच्या घरात दिलं होतं, आणि आम्ही ते असं करून परत केलं.

आम्ही म्हणजे मी. हे 'आम्ही' मला फार पटकन सुचतं, त्याबद्दलच सांगायचं आहे.

मी सॉफ्टवेअर टेस्टिंगमध्ये आहे. ऑफिसात मला दुसऱ्यांच्या चुका काढायचा पगार मिळतो आणि घरी मी तेच काम फुकट करते, असं माझा नवरा म्हणतो. खोटं नाही. मला गप्प बसवत नाही. भाजी चिरणाऱ्याला सुरी कशी धरावी हे सांगितल्याशिवाय मला राहवत नाही, मग तो चिरणारा टीव्हीवरचा आचारी का असेना.

माझी मुलगी सतरा वर्षांची आहे. सहावीत असताना तिला मंगाचं, म्हणजे जपानी चित्रकथांचं वेड लागलं. आधी लायब्ररीतून ढिगाने आणायची, मग स्वतःच काढायला लागली. मला त्या चित्रांत कधी काही दिसलं नाही. बशीएवढे डोळे, सुईसारखी हनुवटी, आणि पानभर नुसते ओरखडे. "हे वय हे वाचायचं आहे का?" असं मी वर्षानुवर्षं म्हणत आले. एकदा घरी पाहुणे असताना मी म्हणाले, "आमच्याकडे जपानी चित्रांत पीएचडी चालू आहे." सगळे हसले. ती पण हसली आणि मग ताट घेऊन वर निघून गेली. ती नेहमी माझ्यासमोर, सोफ्यावर पाय घेऊन वाचत बसायची. इतकी वर्षं ती माझ्या डोळ्यांसमोर वाचत होती आणि ती पानं कुठल्या बाजूने उलटते हे मी एकदाही पाहिलं नाही.

आठवीत तिला एक जपानी मैत्रीण मिळाली. त्या मैत्रिणीचे वडील इथल्या एका मोठ्या कंपनीत बदलीवर आले होते. अमेरिकेतल्या आमच्या या प्लेनो गावात अशी बरीच कुटुंबं येतात आणि चार-पाच वर्षांनी परत जातात. घर आमच्यापासून हायवेच्या पलीकडे. माझ्या मुलीची शाळेत फारशी कुणाशी मैत्री नव्हती. ही एकच होती, पण ती पुरेशी होती. दोघी आमच्या जेवणघरातल्या जमिनीवर पालथ्या पडून तासन्‌तास चित्रं काढायच्या. ती पोर मला 'आंटी' म्हणायची आणि साबुदाण्याची खिचडी दोनदा मागून घ्यायची. तिच्यामुळे माझी मुलगी जपानी वाचायला शिकली. मला हे कौतुकाचं वाटायला हवं होतं. मी म्हणाले, "स्पॅनिश घेतली असतीस तर निदान कॉलेजला क्रेडिट मिळालं असतं."

मैत्रिणीच्या आईशी माझी ओळख ड्राइव्ह-वेवरची. मुलींना सोडायला-आणायला जायचं, काच खाली करून हात हलवायचा, हवा फार गरम आहे असं एकमेकींना सांगायचं. शांत बाई. कुठलीही गोष्ट द्यायची तर दोन्ही हातांनी द्यायची. तिची इंग्रजी हळू होती आणि माझी घाईची, त्यामुळे आमचं बोलणं कधी हवेच्या पुढे गेलं नाही.

मागच्या वर्षी सप्टेंबरात कळलं की ते लोक परत चाललेत. दसऱ्यानंतरच्या शनिवारचं विमान. माझी मुलगी त्या दिवसांत जेवताना एकदम बोलकी व्हायची किंवा एकदम गप्प. असंच एकदा ती बोलत होती. त्या आईने तिला एक पुस्तक वाचायला दिलं होतं. आज ज्या चित्रकाराच्या कथा जगभर चालतात, ज्याची पात्रं छापलेले टी-शर्ट मुलीच्या शाळेतली निम्मी मुलं घालतात, त्याचं अगदी सुरुवातीचं, कुणाला फारसं माहीत नसलेलं पुस्तक. नाव व्हायच्या आधी एका लहानशा छापखान्याने काढलेलं, नंतर त्याने स्वतःच पुन्हा छापू न दिलेलं. त्या बाईकडे ते ती शाळकरी मुलगी असल्यापासून होतं. इतक्या वर्षांत तिने ते कुणाला दिलं नव्हतं, माझ्या मुलीला दिलं, कारण त्याबद्दल विचारणारी ही पहिलीच. हे सगळं ती मला जेवणाच्या टेबलावर सांगत होती आणि माझ्या ताटाशेजारी लॅपटॉप उघडा होता. मी "हो का", "वा", असं म्हणत एका बगवर उत्तर टाइप करत होते. मला 'फेमस आहे' आणि 'जुनं आहे' एवढंच ऐकू आलं. शेवटच्या पानाबद्दलही तिने त्याच जेवणात सांगितलं होतं. ते मला नंतर कळलं.

आता दसऱ्याचं. आमच्याकडे दसरा बहुतेक कामाच्याच दिवशी येतो, त्यामुळे पूजा सकाळी आटपायची. गॅरेजमध्ये दोन्ही गाड्यांना झेंडूचे हार, देवघरापुढच्या पाटावर लॅपटॉप, नवऱ्याचा स्क्रू-ड्रायव्हरचा डबा, माझं पोळपाट-लाटणं, मुलीची पुस्तकं. आपट्याची पानं इथे मिळत नाहीत, म्हणून मागच्या अंगणातल्या रेडबडच्या झाडाची पानं आम्ही सोनं म्हणून देतो. बदामी आकाराची असतात, देवाला चालतात. त्याच्या आदल्या वर्षी मुलीने विचारलं होतं, "आई, माझं स्केचबुक ठेवू?" मी म्हणाले, "फिजिक्स ठेव. सरस्वतीला कळू दे कुठे लक्ष द्यायचंय ते." तिने मुकाट्याने फिजिक्स ठेवलं.

ते मला वर्षभर टोचत होतं. मैत्रीण जाणार म्हणून पोर उदास होती, आणि मी ठरवलं की या वर्षी आपण होऊन तिच्या चित्रांची पूजा करायची. तिला न सांगता, म्हणजे संध्याकाळी आल्यावर बघेल आणि आनंदेल. हे मी मुद्दाम सांगते आहे, कारण जे झालं ते रागाने किंवा निष्काळजीपणाने झालं असतं तर मला एवढं लागलं नसतं. मी ते प्रेमाने केलं आणि नेहमीप्रमाणे कुणाला विचारलं नाही.

ती शाळेत गेल्यावर मी तिच्या खोलीत गेले. स्केचबुक सापडलं नाही. ते तिने बरोबर नेलं असणार. शेल्फवर सगळ्यात जपून ठेवलेलं, पारदर्शक कव्हर घातलेलं एक पातळ पुस्तक होतं. म्हटलं, हिला सगळ्यात प्रिय हेच दिसतंय. पाटावर मधोमध तेच ठेवलं. फुलं वाहिली, कव्हरला हळदकुंकू लावलं. प्लॅस्टिकवरून पुसता येतं एवढी अक्कल होती. तेवढ्यावर थांबले असते तर हे लिहायची वेळ आली नसती.

पण माझे वडील प्रत्येक पुस्तकाच्या पहिल्या कोऱ्या पानावर कुंकवाने 'श्री' काढायचे. पंचांगापासून माझ्या इंजिनिअरिंगच्या पुस्तकांपर्यंत सगळ्यांवर. त्याशिवाय पुस्तक घरातलं झालं असं त्यांना वाटायचं नाही. मीही आजवर मुलीच्या प्रत्येक पाठ्यपुस्तकावर, शाळेला परत करायची असतात ती सोडून, श्री काढत आले. या चित्रकथांवर मात्र कधी काढलं नव्हतं. तेही मला त्या क्षणी अपराधासारखं वाटलं. मी पुस्तक उघडलं, आपण उघडतो तसंच, कव्हर डावीकडे उलटून. आत बारीक अक्षरांत प्रकाशकाची वगैरे माहिती असावी असं एक पान, आपल्या पुस्तकांत सुरुवातीला असतं तसं. त्याच्यापुढे स्वच्छ, पांढरंशुभ्र, कोरं पान. श्रीसाठीच राखून ठेवल्यासारखं. कुंकवात दोन थेंब पाणी कालवून मी काडीने सावकाश श्री काढलं आणि चारी कोपऱ्यांना हळदीची बोटं लावली. वाळेपर्यंत फुंकर घातली. वडिलांची आठवण आली, डोळे भरून आले, सगळं यथासांग झालं.

चारच्या सुमारास मुलगी आली. मी ऑफिसची मीटिंग म्यूट करून तिच्या मागे मागे देवघरापर्यंत गेले, तिचा चेहरा बघायला.

"हे इथे का आहे?" ती म्हणाली.

"पूजा केली. तुझ्या चित्रांची. मागच्या वर्षी राहिली होती ना."

ती क्षणभर माझ्याकडे बघत राहिली. तिच्या चेहऱ्यावर खरंच काहीतरी मऊ आलं होतं, हे मी शपथेवर सांगेन. "ओ, मॉम," ती म्हणाली. मग तिने विचारलं, "उघडलं नाहीस ना?"

"श्री काढलं की! पहिल्या पानावर."

तिने फुलं बाजूला करून पुस्तक उचललं आणि उघडलं. उजवीकडून. पहिल्या पानावर एका बेटावरचं खेडं होतं, इतकं दाट काढलेलं की बोट ठेवायला जागा नाही. छपरं, जाळी, मांजरं, वाळत घातलेले मासे, शाळेत जाणारी पोरं. "इथे कुठे आहे?" ती स्वतःशीच म्हणाली, आणि मग तिच्या लक्षात आलं. ती एकेक पान उलटत शेवटाकडे जायला लागली आणि मी तिच्या खांद्यावरून बघत होते. मला कळेना ती पुस्तक उलटीकडून का वाचते आहे. जपानी पुस्तकं उजवीकडून सुरू होतात हे मला तोवर माहीतच नव्हतं. प्रत्येक पानागणिक चित्रातल्या गोष्टी कमी होत होत्या. आधी पोरं कमी झाली. मग जाळी गेली, मग होड्या, मग घरांच्या खिडक्या. एका पानावर नुसती शाळा आणि एक मुलगी. पुढच्यावर नुसती ती मुलगी, पाठमोरी, बोटीत. त्याच्यापुढच्यावर एक आडवी रेघ, समुद्राची. आणि त्यानंतर माझं श्री.

"हे कोरं पान नाहीये, आई," ती म्हणाली. आवाज चढला नव्हता. "दॅट्स द लास्ट पिक्चर. सगळे गेल्यावर काहीच उरत नाही, तर तो काहीच काढत नाही. मी तुला सांगितलं होतं."

मी म्हणाले, "अगं, मग त्याने तसं लिहायचं तरी खाली."

तिला मैत्रिणीचा फोन आला म्हणून ती बाहेर गेली, जाताना म्हणाली, "डोन्ट टच इट. प्लीज." मी एवढं एक ऐकायला हवं होतं. पण डाग समोर आहे आणि मी हात बांधून बसले आहे, हे मला जमत नाही. कुंकू वाळलेलं होतं, ते कापसाने थोडं झटकलं गेलं. धीर आला. मग मी भांड्यांच्या साबणाचा एक थेंब ओल्या पेपर टॉवेलवर घेतला आणि एका कोपऱ्यातल्या हळदीवरून फिरवला. हळदीला साबण लागला की ती लाल होते हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत असतं. आयुष्यभर नॅपकिन धुतलेत मी. तरी फिरवला. डाग डोळ्यांसमोर लालभडक झाला, आणि मी घाबरून जोरात पुसलं तशी पानाची साल निघाली. आगीतून फुफाट्यात म्हणतात ते हे. ती आत आली तेव्हा माझ्या हातात तो पेपर टॉवेल होता. तिने तो माझ्या हातातून काढून घेतला, कचऱ्याच्या डब्यात टाकला आणि पुस्तक घेऊन वर गेली.

नवरा ऑफिसातून आल्यावर म्हणाला, "अगं, होतं असं. दुसरं मागवू ऑनलाइन." मुलगी जिन्यावरूनच म्हणाली, "दुसरं नाहीये, बाबा."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी त्यांच्याकडे निरोपाच्या चहाला जायचं आधीच ठरलेलं होतं. गाडीत मी मुलीला सांगितलं, "मी सांगते त्यांना. माझी चूक आहे, मीच बोलेन. तू काही बोलू नकोस." ती म्हणाली, "ओके." मी रात्रभर इंग्रजी वाक्यं जुळवली होती. दिवसभर इंग्रजीत लोकांना झापते, तर एक माफी मागायला असं काय लागतं?

त्यांच्या घरात सगळीकडे खोके होते. सोफा गेलेला होता. आम्ही जमिनीवर उशा घेऊन बसलो. मी करंज्यांचा डबा दिला, त्या बाईने दोन्ही हातांनी घेतला. तिची मुलगी जिन्याच्या पायरीवर बसली होती, दोघी मैत्रिणी एकमेकींकडे बघून कसनुसं हसल्या. रडून झालेलं दिसत होतं. चहा झाला. माझ्या मुलीने पिशवीतून पुस्तक काढून, दोन्ही हातांनी, त्या बाईच्या समोर ठेवलं.

आणि मी बोलायला लागले. दसरा म्हणजे काय ते सांगितलं. आम्ही पुस्तकाला देवी मानतो हे सांगितलं. चुकून पाय लागला तर नमस्कार करतो, हे करून दाखवलं. श्री म्हणजे काय, कुंकू म्हणजे काय, माझे वडील काय करायचे. मी इतकं छान सांगत होते की ती बाई खरोखर मन लावून ऐकायला लागली. ती म्हणाली, पुस्तकांचा एवढा मान असलेल्या घरात माझं पुस्तक राहिलं, मला आनंद आहे. आणि मी, देवा, मी म्हणाले, "थँक यू."

खरं ते सोडून मी सगळं सांगितलं होतं.

तिने पुस्तक उचललं. उजवीकडून उघडलं, पहिलं पान डोळे भरून पाहिलं, मग सरळ शेवटच्या पानावर गेली. तिथे ती थांबली. तिने बोटाने साल निघालेल्या जागेला हात लावला, अगदी हळू, जखमेला लावावा तसा. नंतर मुलीकडून मला कळलं की ती अशाच एका बेटावरची. तिची शाळा बंद झाली, मग गाव रिकामं झालं, आता तिथे कुणी राहत नाही. मला तेव्हा हे माहीत नव्हतं, पण ती ज्या प्रकारे त्या पानाकडे बघत होती त्यावरून कुणालाही कळलं असतं की आपण कुणाच्या तरी घरात चपला घालून शिरलोय.

"हे कोणी केलं?" तिने विचारलं.

माझं तोंड उघडं होतं. वाक्य तयार होतं. इट वॉज मी. तीन शब्द. आणि मी माझ्या मुलीकडे बघितलं.

"मी," माझी मुलगी म्हणाली.

त्या बाईचा चेहरा बदलला. ती माझ्याकडे बघतही नव्हती आता. हळू आवाजात, एकेक शब्द जुळवत ती म्हणाली, "तुला माहीत होतं. हे पान काय आहे, तुला माहीत होतं. मी सांगितलं होतं. म्हणून तुला दिलं."

हेच तर. मी केलं असं कळलं असतं तर ती एका अडाणी बाईची चूक होती. डावं-उजवं कळलं नाही, विषय संपला. माझ्या मुलीने केलं म्हटल्यावर तो विश्वासघात झाला. एवढं सगळं मला त्या क्षणी लख्ख कळलं, आणि तरी मी मूग गिळून बसले. मी, जिला गप्प बसवत नाही. का बसले? लाज वाटली, हे आहेच. देवी आणि पुस्तकांचा मान असं भाषण ठोकून झाल्यावर 'मीच ती' कसं म्हणायचं. पण त्याहून वाईट एक आहे, तेही सांगते. मुलीने 'मी' म्हटल्याबरोबर माझ्या छातीवरचं ओझं उतरलं. मला सुटल्यासारखं वाटलं. स्वतःच्या पोरीच्या डोक्यावर ठेवून मोकळी झाले मी.

माझी मुलगी खाली मान घालून "आय ॲम सॉरी" म्हणाली. तिच्या मैत्रिणीने पायरीवरून सगळं ऐकलं होतं. ती उठली आणि वर गेली. दार वाजलं नाही, हळूच लावलं गेलं. उद्या सकाळी ते निघणार होते आणि या दोघींचा निरोप असा झाला.

गाडीत बसल्यावर मी हायवेला लागेपर्यंत थांबले. मग विचारलं, "असं का केलंस? मी सांगणार होते ना."

"यू लुक्ड ॲट मी," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"त्यांनी विचारलं, कोणी केलं. आणि तू माझ्याकडे बघितलंस, आई. मला वाटलं तू विचारतेयस."

मी काहीही म्हणू शकले असते. की मी असंच बघितलं, की मदतीला बघितलं, इंग्रजी शब्द आठवेना म्हणून बघितलं. पण ती खरं बोलत होती. मी विचारलंच होतं. शब्द न वापरता, जसं पाहुण्यांसमोर तिच्याकडे बघितलं की तिला कळतं पाणी आणायचंय, तसंच. आणि ती लहानपणापासून माझी नजर ओळखते. मी तिची पानं उलटायची बाजूही कधी पाहिली नाही, आणि तिला माझा डोळा हलला तरी कळतो.

पुढच्या एक्झिटला मी गाडी वळवली. ती म्हणाली, "मॉम, डोन्ट." मी म्हणाले, "गप्प बस." तेवढ्यातही मी तिला गप्प बस म्हणाले.

दार त्या बाईनेच उघडलं. मुलगी गाडीतच बसून होती. मी उंबऱ्यातच सांगितलं, यावेळी दसऱ्यापासून सुरुवात न करता. की मी लिहिलं, मीच पुसलं, मुलीने नको म्हटलं असताना पुसलं, लिहिलं तेव्हा तिला काहीच माहीत नव्हतं. मला वाटलं होतं की ती म्हणेल, असू दे. तिच्यासारखी माणसं असू देच म्हणतात अशी माझी समजूत होती, आणि खरं सांगायचं तर त्याच्याच भरवशावर मी आले होते.

तिने सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, "मघाशी का नाही सांगितलंत?"

तिने थोडा वेळ वाट पाहिली, खरंच उत्तराची वाट पाहिली. मग तिने दारातल्या सपाता पायात सरकवल्या आणि मला ओलांडून गाडीकडे गेली. तिने माझ्या मुलीच्या बाजूचं दार उघडलं. पोर गडबडून बाहेर आली. आणि ती बाई, माझ्याच वयाची, त्या ड्राइव्ह-वेवर, शेजारचा माणूस कचऱ्याचा डबा ओढत जाताना बघत असताना, माझ्या मुलीसमोर कमरेतून खाली वाकली. वाकलेलीच राहिली. माझ्या मुलीला काय करावं कळेना. मग तीही वाकली. तेवढ्यात घरातून ती दुसरी पोर अनवाणी धावत आली आणि दोघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या. मी उंबऱ्यात उभी होते. मला कुणी आत ये म्हटलं नाही, आणि ते बरोबरच होतं.

परत निघालो तेव्हा मुलीचं नाक लाल झालं होतं. ती खिडकीबाहेर बघत होती. मला तिला काहीतरी द्यावंसं वाटत होतं. आपल्याकडे आईबाप मुलांची माफी मागत नाहीत. माझ्या वडिलांनी मला विनाकारण मारलं की संध्याकाळी भेळ आणायचे, आणि ते पुरायचं. म्हणून मी सिग्नलला थांबल्यावर विचारलं, "भूक लागली असेल ना? काय खाशील?"

ती म्हणाली, "त्यांनी मला सॉरी म्हटलं, आई. त्यांनी तर काहीच केलं नव्हतं."

मी समोर बघत होते.

"तू अजून नाही म्हणालीस."

मान वळवून तिच्याकडे बघायला मला फार वेळ लागला. सिग्नल हिरवा झाला, मागच्या गाडीने हॉर्न दिला. मी म्हटलं ते. नीट म्हटलं, तिच्याकडे बघून, मध्ये कुठलाही सण न आणता. मागचा माणूस आता हॉर्नवर हात ठेवूनच बसला होता.

तिने मान हलवली. हो म्हणून की नुसतं ऐकलं म्हणून, हे मला अजून माहीत नाही, आणि मी विचारलेलं नाही.

"चल आता," ती म्हणाली. "गाडी चालव."